माफीचं वाक्य

"आधी माफी माग, मग जेवतो," म्हणत कानिफनाथने ताट ढकललं.

त्याच्या बायकोने, रंगुबाईने, कपाळाला हात लावला. "कालपासून हेच चाललंय, भाऊ. म्हन्त्यात, मी कारखान्याचा चेअरमन हाय. कुनालाच वळखंनात. पोटात अन्नाचा कन न्हाई, म्हनून तुमाला फोन केला."

मोहियोद्दीन मात्र या चेअरमनला चांगला ओळखत होता. त्यानेच तो लिहिला होता. तरुणपणी संगमनेरहून कोल्हारला येऊन त्याने ऊसतोड मजुरांवर नाटक बसवलं. चेअरमन झाला कानिफनाथ, मजूर तो स्वतः. गावोगाव शिट्ट्या पडल्या, एकदोनदा दगडही पडले. मग एका कारखान्याच्या कार्यक्रमाचं बोलावणं आलं. अट एवढीच, की शेवटी मजुराने चेअरमनची माफी मागायची.

"एका वाक्यानं काय बिघडतंय?" कानिफनाथ म्हणाला होता.

"माझा मजूर माफी मागनार न्हाई."

झालं! मंडळी पांगली, दोस्ती तुटली. पुढे मोहियोद्दीनने पुढाऱ्यांवर लिहिलं, जमातीवर लिहिलं, सख्ख्या भावांनाही सोडलं नाही. भीड ही भिकेची बहीण, असं तोऱ्यात सांगायचा. नाटकं तडाखेबाज होती, पण त्याच्या घरी चहाला दुसरा कप लागेनासा झाला.

"ऐकू येत न्हाई का रं?" चेअरमन गरजले. आवाज तोच, मागच्या रांगेपर्यंत पोचणारा.

मोहियोद्दीनला भयंकर राग आला. कुणाचा, ते त्याचं त्यालाच कळेना. कानिफनाथची मनगटं पार काटकुळी झाली होती. मोहियोद्दीनने हात जोडले.

"चुकलं, साहेब. माफी करा."

कानिफनाथ निवला. रंगुबाईने घाईघाईने दुधात कुस्करलेल्या भाकरीचा घास भरवला. तो चावता चावता थांबला, भुवया आक्रसल्या, आणि मोहियोद्दीनच्या कानाशी वाकून हळूच म्हणाला, "हे वाक्य नाटकात न्हाई, बरं का. मोहियोद्दीन असलं लिहिनारच न्हाई. लई हट्टी हाय त्यो."

मग दाराकडे बघत राहिला. "अजून आला कसा न्हाई? त्याच्याबिगर पडदा उघडायचा न्हाई, सांगून ठेवतो."

"येतोय," मोहियोद्दीन म्हणाला आणि पुढचा घास त्याने स्वतः भरवला.