डाव्या दुमडीतले शिसे

गुरुवारी दुपारी दोन वाजता, कुवेतच्या राई भागातल्या एका शिंप्याच्या दुकानात, माझी खालची दुमड उसवली गेली.

मित्रांनो, मी एक जुना ओव्हरकोट आहे. काळा, जाड लोकरीचा, गुडघ्याखाली पोचणारा. फिनलंडमधल्या तुर्कू शहरातल्या एका नाट्यगृहाच्या शिवणखान्यात माझा जन्म झाला. ह्या जानेवारीत मी माझ्या माणसाबरोबर कुवेतला आलो. त्याचे नाव वेइक्को साल्मेनकारी. तो नट आहे. शनिवारी इथल्या नाट्यमहोत्सवात त्याचा प्रयोग होता आणि माझ्या कॉलरला कसर लागून दोन भोके पडली होती.

महोत्सवात पाहुण्यांची व्यवस्था अलिना नावाची मुलगी बघत होती. तिचे वडील यूनुस मूळचे रत्नागिरीजवळच्या खाडीकाठचे. राईतले शिवणकामाचे दुकान त्यांचेच. तिने मला त्यांच्या टेबलावर ठेवले आणि म्हणाली, "अब्बा, जस्ट द होल्स. अँड अ लिटल स्टीम. बाकी कशाला हात लावू नका."

"तू मला शिकवू नको. तुझे शाळेचे गणवेश कुणी शिवले?" यूनुसभाई म्हणाले.

ती गेली. इस्त्रीवाल्या तुकारामने मला हँगरला अडकवले. हा सावंतवाडीकडचा. बायकामुले गावी, आपण इथे चौघांबरोबर एका खोलीत.

"यूनुसभाय, ह्यो कोट डाव्या अंगाक लवता," तो म्हणाला.

यूनुसभाईंनी दुमड चाचपली, कात्री घेतली आणि टाके कापले. आतून शिशाच्या गोळ्या घरंगळल्या.

"अरे, ह्या तर जाळ्याच्या गोळ्या! आमचे बाबा असल्याच ओवायचे."

"मगे कोटात कित्याक? मासे धरूक?"

"घेर नीट पडावा म्हणून कुणीतरी भरल्या असतील. उजवीकडच्या पडून गेल्या, डावीकडच्या राहिल्या. म्हणून बिचारा वाकडा लोंबतोय. टाकून दे त्या. हाताला काळं लागतं."

कोट सरळ लोंबला पाहिजे, एवढी एकच गोष्ट चांगल्या शिंप्याला डोळे मिटूनही दिसते. यूनुसभाईंनी माझ्या सगळ्या घेरात बारीक साखळी घातली, दोन्हीकडे सारखी. टाके इतके नाजूक की मलाच सापडेनात. भोके तर अशी बुजली की कसरीलाही ओळख पटली नसती. मी कित्येक वर्षांनी सरळ लोंबलो.

"म्हाताऱ्याला वाटेल, नवा कोट मिळाला," यूनुसभाई म्हणाले.

ते शिसे तिथे कसे आले, ते आता सांगतो.

मी वेइक्कोसाठी शिवलो गेलोच नव्हतो. एका उंचपुऱ्या, नामांकित नटासाठी माझे माप घेतले होते. तो आजारी पडला आणि भूमिका वेइक्कोकडे आली. तेव्हा त्याने तिशीही गाठली नव्हती. नाट्यगृहात तो नेपथ्य हलवायच्या कामाला लागला होता आणि एका वाक्याच्या भूमिका करत होता. नाटकात एका बेटावरचा म्हातारा नावाडी होता. बेट रिकामे होत जाते, तरी तो होडी सोडत नाही. वेइक्कोला शब्द पाठ होते, चाल मात्र सापडत नव्हती. दिग्दर्शक म्हणाला, "तुझा म्हातारा पोट दुखल्यासारखा चालतो."

त्या रविवारी तो मला घेऊन एका बेटावरच्या आपल्या घरी गेला. त्याचे वडील मच्छीमार. जन्मभर एकाच बाजूने जाळे ओढून त्यांचा डावा खांदा उतरलेला होता. ते अंगणात चालत गेले आणि वेइक्को त्यांच्याकडे बघतच राहिला. मग त्याने जाळ्याच्या गोळ्या मागितल्या.

"नाटकात मासे पकडणार आहेस का?" वडिलांनी विचारले.

जाळ्याच्याच दोऱ्याने, ओबडधोबड टाके घालून, त्याने त्या गोळ्या माझ्या डाव्या दुमडीत शिवल्या. मंगळवारच्या तालमीत मी त्याला डावीकडे ओढले आणि म्हातारा नावाडी रंगमंचावर चालत आला. दिग्दर्शक उठून उभा राहिला.

पुढे त्या नाटकाचा चित्रपट झाला. चित्रपटवाल्यांनी नवा कोट शिवला होता. वेइक्कोने तो दिवसभर घातला आणि संध्याकाळी मला मागवून घेतले. चित्रपटात तो पाठमोरा होडीच्या धक्क्याकडे चालत जातो, एक शब्दही बोलत नाही. लोकांनी लक्षात ठेवले ते हेच. बेटांवरची माणसे त्याला रस्त्यात थांबवून सांगत, "आमचे आजोबा असेच चालायचे." बक्षिसे मिळाली. पण बक्षिसांविषयी तो घरी बोलत नसे. ह्या वाक्याविषयी बोलत असे.

त्यानंतरची वर्षे दूरदर्शनची. पोलिसांचा साहेब, शाळेचा मुख्याध्यापक, कॉफीची जाहिरात. प्रत्येक काम तो मन लावून करी. जाहिरातीतला कप कुठल्या हाताने उचलायचा, ह्यावरही त्याने अर्धा दिवस घालवला म्हणे. पण त्यात मी नव्हतो. मी नाट्यगृहाच्या तळघरात, कागदाच्या लगद्याच्या एका घोड्यामागे लटकत होतो. माझ्यावर धूळ बसली, मग कसर. एकदा तळघर रिकामे करायचे ठरले. हे कळताच वेइक्को आला आणि ऐन मे महिन्यात मला अंगावर चढवून बसने घरी गेला. आजूबाजूचे लोक हसत होते. तो घामाघूम होता, पण खुशीत.

मित्रांनो, दोन हिवाळ्यांपूर्वी त्याला पक्षाघाताचा सौम्य झटका आला. तो बरा झाला, पण चालताना उजवीकडे झुकू लागला. नाटक मंडळीतल्या कुणालाही त्याने हे सांगितले नाही. सांगितले असते तर भूमिका गेली असती, आणि हीच भूमिका तो आता पहिल्यांदा खऱ्या म्हाताऱ्याच्या वयात करणार होता. घराच्या बोळात मला घालून तो फेऱ्या मारी. पूर्वी ज्या शिशाने त्याला वाकवले होते, तेच आता त्याला सरळ धरत होते. हे दोघांनाच माहीत होते, त्याला आणि मला. मला सांगता येत नव्हते.

शुक्रवारी संध्याकाळी रंगीत तालीम होती. वेइक्कोने मला घातले आणि तो धक्क्याकडे निघाला. चार पावलांत तो उजवीकडे गेला आणि नेपथ्यातल्या खांबाला धरून उभा राहिला. मी ओढत होतो, पण दोन्हीकडे सारखाच. त्याने माझ्या दुमडीवरून तळहात फिरवला. मग विंगेत उभ्या असलेल्या अलिनाला इंग्रजीत विचारले, "हे कुणी शिवले? फार सुंदर शिवण आहे."

आवाजात राग नव्हता. अलिनाचा चेहरा मात्र उतरला. तिने फोन लावला. "अब्बा, यू चेंज्ड इट, डिडन्ट यू? लगेच या."

यूनुसभाई तुकारामला घेऊन आले. वेइक्कोने काही समजावले नाही. त्याने मला काढून अलिनाच्या हातात दिले आणि चालून दाखवले. तो कलला. यूनुसभाई धावले, त्यांनी त्याला खांद्याने सावरले आणि तसेच धरून ठेवले.

"तुकाराम," ते हळूच म्हणाले, "होडी एका अंगाला कलते तेव्हा आपण काय करतो?"

"दुसऱ्या अंगाक धोंडे भरतो."

"आणि मी ते धोंडेच काढून टाकले. कुठे आहेत त्या गोळ्या?"

तुकाराम पायांकडे बघू लागला. "टाकून दी म्हणालात ना तुमीच? मी उचलून ठेवलंय. सकाळी सुट्टी म्हणान शर्कच्या किनाऱ्यार गळ टाकूक गेललंय." त्याने खिशातून गोळ्या काढल्या. "एक दोरी तुटली. एक गोळी पाण्यात गेली."

"मासा तरी मिळाला?"

"हामूर गावलो. लहान."

अलिनाने हे इंग्रजीत सांगितले तेव्हा वेइक्को मोठ्याने हसला. म्हणाला, "वडिलांना आवडले असते. त्या गोळीने नाटकात मासे पकडले नाहीत, ते इथे पकडले."

शनिवारी सकाळी यूनुसभाई स्वतः शर्कच्या मासळी बाजारामागे गेले आणि जाळी विणणाऱ्याकडून त्याच आकाराची गोळी घेऊन आले. वजन जुळवायला त्यांनी ती तीनदा कानशीने घासली. टाके ह्या वेळी मुद्दाम ओबडधोबड घातले. जाळ्याच्या दोऱ्याने.

त्या रात्री माझा म्हातारा नावाडी रिकाम्या बेटावरून धक्क्याकडे चालत गेला. मी त्याला डावीकडे ओढले, त्याच्या शरीराने त्याला उजवीकडे ओढले, आणि ह्या दोघांच्या मधून तो सरळ गेला. कुवेती प्रेक्षक, फिनलंडची थोडी माणसे, मागच्या रांगेत यूनुसभाई आणि तुकाराम. भाषा बहुतेकांना कळत नव्हती. पण तो चालत असताना कुणी खोकलेसुद्धा नाही. असा नट मी दुसरा पाहिला नाही, आणि मी त्याच्या फार जवळून पाहिले आहे.

मित्रांनो, जुनी वस्तू जपा, एवढेच मी सांगणार नाही. तिच्यातले वाकडे सरळ करायच्या आधी, ते वाकडे का आहे, हे कुणाला तरी विचारा. माणसांच्या बाबतीतही तसेच करा.

त्याने खांबाला धरलेले नाटक मंडळीतल्या सगळ्यांनी पाहिले होते, त्यामुळे झुकण्याची गोष्ट लपली नाही. आज सकाळी अलिना वेइक्कोला जाब्रियातल्या डॉक्टरांकडे घेऊन गेली. उन्हाळ्यात त्याच्या वडिलांच्या बेटावर ह्याच नाटकाचे प्रयोग ठरले आहेत. ते तो करू शकेल का, हे तपासण्यांनंतर ठरेल. संध्याकाळपर्यंत फोन आलेला नाही.

जाताना ती मला इथे ठेवून गेली, म्हणून मी सध्या राईतल्या दुकानात खुंटीवर आहे. मघाशी एक गिऱ्हाईक आले आणि माझ्याकडे बोट दाखवून म्हणाले, "हा कोट तिरका लोंबतोय."

"असू दे," यूनुसभाई म्हणाले आणि पुन्हा फोनकडे बघू लागले.