हक्काचं कार्ड

टीव्हीवर मी तुम्हाला दिसले असेन. आमच्या पोरानं गडी बाद केला की कॅमेरा मालकांच्या रांगेकडे वळतो आणि तिथे निळ्या साडीतली एक बाई उभी राहून टाळ्या पिटत असते. ती मी, सुमेधा. पुरुषांची कबड्डीची एक टीम आणि मुलींची खो-खोची एक, अशा दोन टीमांची अर्धी मालकीण. उरलेला अर्धा वाटा केशवरावांचा. ते माझ्या नवऱ्याचे जुने दोस्त, गौलीगुड्यात मोटारीच्या सामानाचं दुकान चालवतात. नवरा गेला आणि त्याचा वाटा माझ्याकडे आला. बाईला कबड्डीतलं काय कळतं, असं पहिल्या वर्षी सगळे म्हणाले. आता म्हणत नाहीत, निदान माझ्या तोंडावर तरी नाही.

आम्हाला मूल झालं नाही. हे आधीच सांगून टाकते, म्हणजे पुढचं ऐकताना तुम्ही उगाच अंदाज बांधत बसणार नाही.

आमच्या कबड्डीच्या टीममधला अमरदीप देगलूरकडचा. चढाईला निघाला की समोरचे सातही जण मागे सरकायचे, पण इथल्या हॉस्टेलचं तेलुगू पद्धतीचं आंबट-तिखट काही त्याला मानवेना. पोरगं वाळायला लागलं, तसं मी त्याला बरकतपुऱ्याला घरी जेवायला बोलावलं. भाकरी, वरण, शेंगदाण्याची चटणी, एवढंच केलं होतं. तो असा जेवला की मी आत जाऊन डोळे पुसले. मग तो रोजच यायला लागला. मैदानात मॅडम आणि घरात काकू. 'काकू' या हाकेवर मी खूश होते असं नाही. मला त्याच्याही पुढचं काही हवं होतं, पण ते कुणाकडे मागायचं असतं? दुधाची तहान ताकावर भागवत होते, आणि ताकसुद्धा दुसऱ्याच्या घरचं.

यंदा त्याचा करार संपला. करार संपला की खेळाडू लिलावात जातो. दुसऱ्या कुणी सगळ्यात मोठी बोली लावली, तरी जुन्या टीमकडे एक कार्ड असतं. ते उचलायचं, तेवढेच पैसे मोजायचे आणि खेळाडू परत आपला. त्यात खेळाडूला कुणी काही विचारत नाही.

लिलावाच्या आधी एकदा जेवता जेवता तो थांबला.

"काकू, एक बोलू का?"

"बोल की."

"पुण्याची टीम बोली लावनार हाय. तुमी कार्ड उचलू नका." मान वर न करताच तो बोलत होता. "माय तिथं ताईपाशी ऱ्हाते. मी ल्हान होतो तवाच होस्टेलात गेलो. तवापासून मायीसंग म्हैनाभर बी सलग ऱ्हायलो नाही. तिला अजून सांगितलं नाही. झाल्यावर सांगीन म्हनलं."

मी "बघू" म्हणाले. घरात आई 'बघू' म्हणाली की त्याचा अर्थ काय असतो, ते आईजवळ वाढलेल्या पोरांना बरोबर कळतं. याला कुठून कळणार? तो हसला आणि त्यानं आणखी वरण मागून घेतलं.

लिलावाच्या हॉलमध्ये पुण्याच्या बोलीपुढे कुणी गेलं नाही. केशवरावांनी कार्ड माझ्यापुढे सरकवलं.

"क्या करना, वहिनी? हातचं सोडून पळत्याच्या पाठी लागायचं नक्को, असं माझं मत. पण पैसा मी बघायचा आन् खेळाडू तुम्ही, असं आपलं ठरलंय. तुम्ही बोला."

नाही म्हणायचं, एवढंच काम होतं. मान हलवली असती तरी पुरे होतं. पण मला दिसायला लागलं ते संध्याकाळचं घर. फाटकाशी मोटरसायकल वाजणार नाही, कुणी चप्पल काढणार नाही, एकटीपुरती भाकरी थापायची आणि तीही अर्धी उरायची. मला सगळं कळत होतं. कळतं पण वळत नाही म्हणतात, ते उगाच नाही. माझा हात वर गेला आणि हातात कार्ड होतं. लोकांनी टाळ्या वाजवल्या. कॅमेरा माझ्याकडे वळला आणि मी छान हसले.

बाहेर तो भेटला. हात जोडून म्हणाला, "थँक्यू, मॅडम." आजूबाजूला पत्रकार होते, म्हणून म्हणाला असेल असं मी स्वतःला समजावलं.

त्यानंतर तो घरी आला नाही. विचारलं तर म्हणाला, "टीमसंगंच जेवायचं म्हनतात कोच." कोच असं काही म्हणाले नव्हते, मी त्यांना विचारलं. खेळात मात्र त्यानं तसूभर कसर ठेवली नाही. पहिल्याच सामन्यात एकट्यानं टीम जिंकून दिली. चिडून वाईट खेळला असता, माझ्यावर ओरडला असता, तर मीही चार शब्द सुनावले असते आणि भांडण मिटलं असतं. तो नीट वागत होता. नीट वागणाऱ्या माणसाचं काय करायचं, सांगा.

गॅसवर तवा मात्र मी त्याच्या जेवायच्या वेळेला ठेवतच राहिले.

रविवारी दुपारी फोन वाजला. नंबर अनोळखी होता.

"जय भीम, ताई. मी भागूबाई. अमरदीपची माय."

इतक्या वर्षांत मी तिच्याशी एकदाही बोलले नव्हते. कामं होती म्हणून नव्हे. बोलायचं टाळतच आले होते.

"जय भीम," मी म्हणाले.

"त्याचा फोन लागंना, म्हनून तुमाला केला. ताई, तुमी पोराला ठिवून घेतलं, लै बरं झालं बघा. पुन्यावाले नेनार म्हनून जावई सांगत होते, मला तर धास्तीच पडलती. इथं लेकीच्या दोन खोल्या, त्यात तिची लेकरं. माझ्या लेकराला कुठं निजवू? तुमच्यापाशी हाय तर मला घोर नाही. रोज सांगतो ना, काकूकडं जेवलो, काकूनं गरम भाकर दिली."

"रोज सांगतो?"

"रोज. कालबी सांगितलं." मग जरा आवाज उतरवून ती म्हणाली, "आज जेवला का तो?"

ओट्यावर भाकरी होती, तव्याखालचा गॅस चालू होता आणि घरात मी एकटी होते.

"जेवला," मी म्हणाले. "आत्ताच उठला. हात धुतोय."

"धुऊ द्या, धुऊ द्या. घाई नाही," भागूबाई म्हणाली. "आवाज ऐकीन म्हनलं जरा. मी थांबते."

तिकडे ती थांबली आणि इकडे मी.