मचाणावरची टाकी

वाल्मीक गायखे नाशिकच्या एका कॉलेजात प्राणिशास्त्राच्या प्रयोगशाळेत अठरा वर्षं अटेंडंट होता, पण अजून कायम झाला नव्हता. दर डिसेंबरात विद्यार्थ्यांची सहल कोकणात जायची, तेव्हा विभागप्रमुख प्रतिभा मॅडम त्याला आवर्जून बरोबर न्यायच्या. ओहोटीला कातळावरच्या डबक्यांत तारामासे सापडायचे. मुलं ते ओढून काढू बघत आणि वाल्मीक त्यांना थांबवी. आधी हात ओला करायचा, बोटं हळूच खाली सरकवायची आणि त्यानं दगड सोडेपर्यंत वाट बघायची. हे त्याला कुणी शिकवलं नव्हतं.

२००३ च्या सहलीत मॅडमनी त्याला वेगळंच काम सांगितलं. जानेवारीत कॉलेज तपासायला समिती येणार होती. तिला दाखवायला जिवंत तारामासे हवे होते, फॉर्मेलीनच्या बाटलीतले नकोत. वाल्मीकनं तीन निवडले. समुद्राच्या पाण्याचे कॅन भरले आणि रात्रभर बसमध्ये बादली मांडीशी धरून बसला. प्रयोगशाळेतल्या लाकडी फळ्यांच्या मचाणावर काचेची टाकी ठेवली, तिला हवेचा पंप लावला. रोज सकाळी तो टाकीतलं थोडं पाणी काढून कॅनमधलं घालायचा. तिन्ही तारामासे काचेवर हळूहळू फिरायला लागले.

एका शुक्रवारी त्यानं आपल्या मुलीला, सायलीला, शाळा सुटल्यावर तिथं आणलं. तिचा तळवा पाण्यात बुडवून त्यावर एक तारामासा ठेवला. त्याचे बारीक पाय हाताला लागले तशी ती श्वास रोखून उभी राहिली. चावतो का, असं तिनं कुजबुजत विचारलं. वाल्मीक नुसता हसला.

समिती मंगळवारी येणार होती. शनिवारी वाल्मीक घरी गेल्यावर प्राचार्य फेरीला आले. टाकीतलं पाणी त्यांना गढूळ वाटलं. हे पाहुण्यांना दाखवणार का, असं विचारून त्यांनी शिपायाला नळाचं पाणी भरायला लावलं. मॅडम तिथंच उभ्या होत्या.

सोमवारी वाल्मीक आला तेव्हा पाणी स्वच्छ होतं आणि तिन्ही तारामासे तळाशी पडलेले होते. त्यानं हात घालून एकेक उचलला. ते ओल्या चिंधीसारखे लोंबले. कॅनमधल्या उरलेल्या खाऱ्या पाण्यात त्यानं ते तासभर ठेवून पाहिले.

मॅडमनी त्याला केबिनमध्ये बोलावलं. काय झालं ते त्यांनी लपवलं नाही. हे मरणार हे त्यांना माहीत होतं, पण प्राचार्यांपुढे बोलायचं धाडस झालं नाही. आता टाकी रिकामी का, याचं प्राचार्यांना लेखी उत्तर हवं होतं आणि ते त्यांनी टाईप करून ठेवलं होतं. अटेंडंटच्या हलगर्जीपणामुळे नमुने दगावले, असं त्यात होतं.

"पाणी बदललं तेव्हा मी इथं नव्हतोच, मॅडम," वाल्मीक म्हणाला.

"मला माहीत आहे. पण तुम्हाला कायम करायची फाईल वर गेली आहे, वाल्मीकभाऊ. आत्ता सरांना दुखवू नका. हा कागद आमच्याकडेच राहील."

त्यानं कागद दोनदा वाचला आणि सही केली.

समिती आली, जेवली, गेली. सायलीनं विचारलं तेव्हा तारामासे परत समुद्रात सोडले, असं त्यानं सांगितलं. तिनं ते सगळ्या वर्गाला सांगितलं.

जुलैत फाईल परत आली. कामात हलगर्जी असल्यानं कायम करता येत नाही, असा शेरा होता. सोबत त्याच्याच सहीच्या कागदाची झेरॉक्स जोडलेली होती. ती घेऊन तो मॅडमकडे गेला. त्यांनी ती वाचली आणि चष्मा काढून टेबलावर ठेवला.

"तुम्ही सही करायला नको होती," त्या म्हणाल्या.

वाल्मीकला बोलायचं होतं. पण दहा मिनिटांत दुसऱ्या वर्षाचं प्रॅक्टिकल सुरू होणार होतं आणि ट्रे अजून लावायचे होते. झेरॉक्सची घडी खिशात घालून तो बाहेर पडला.

त्या डिसेंबरात सहलीच्या यादीत त्याचं नाव मॅडमनी स्वतःच्या हातानं लिहिलं होतं. तो गेला नाही. कारण विचारलं तेव्हा म्हणाला, "गुडघे दुखत्यात. कातळावर उभं राहवत नाय."