भैरूचा अर्ज

१९७६ सालची गोष्ट. कासारवाडीत राहणारे इतिहासाचे प्राध्यापक हरिहर एका सकाळी आपल्या नव्या पुस्तकाची प्रुफं मोठ्यानं वाचून तपासत होते. पुस्तक वेठबिगारीवर होतं. भांडी घासायला आलेल्या चतुराबाईचे हात मध्येच थांबले.

"सर, वेठ म्हंजी काय वो?"

"बळजबरीनं, फुकट करून घेतलेलं काम. पूर्वी असायचं. आता बंद झालं."

"मंग आमचं धनी गावाकडं नानासाहेबांच्या मळ्यात राबत्यात, त्याला काय म्हनायचं?"

रविवारी हरिहर चाकणच्या पुढे तिच्या गावी गेले. तिचा नवरा भैरू नानासाहेबांच्या विहिरीतला गाळ उपसत होता. त्याच्या बापानं तेच केलं होतं, आज्यानंही. नाही म्हटलं की साऱ्या भावकीचं पाणी बंद. त्याचं अंग तापानं फणफणलं होतं, पण सुट्टी नव्हती.

"आता कायदा झालाय, भैरू. अर्ज करू या."

"मला काय व्हनार तर न्हाई ना, सर?"

"काही होणार नाही. मी आहे ना."

भैरूनं अंगठा उमटवला. हरिहरांनी कचेरीत दिलेला तो अर्ज चौथ्या दिवशी नानासाहेबांच्या हातात होता. पाचव्या दिवशी पोलिसांनी भैरूला उचललं. गावात दंगा माजवतो म्हणे! आणीबाणी चालू होती. "आत्ता कोर्टात दाद मागून उपयोग नाही," वकील म्हणाले. हरिहरांनी लेख लिहिला. संपादकांनी तो न छापता परत पाठवला. विसाव्या दिवशी भैरू कोठडीतच तापानं गेला.

तेराव्यासाठी चतुराबाई गावीच होती. दुसऱ्याच दिवशी नानासाहेबांचा कारभारी साहेबराव दारात उभा राहिला.

"भैरूच्या जागी आता तू चल."

"न्हाई यायची."

"भावकीचं पाणी तुटंल."

"नदीवरनं आनू. पर तुमच्या दारात आमच्यातलं आता कुनी यायचं न्हाई."

मागे उभ्या असलेल्या भावकीतल्या बायांनी घागरी उचलल्या आणि त्या नदीच्या वाटेला लागल्या.

चतुराबाई कासारवाडीला परतली, तेव्हा हरिहरांना तिच्याकडे बघवेना.

"चूक माझी झाली. मी त्याला शब्द दिला होता."

ती नाही म्हणाली नाही. उंबऱ्याशी बसली.

"लिवा सर," ती म्हणाली. "समदं लिवा. आमच्या धन्याचं नाव घाला, माझंबी घाला. छापत न्हाईत तर हातानं लिवून वाटा."

हरिहरांनी कोरा कागद ओढला. भैरूचं नाव लिहिलं.

"वय किती होतं त्याचं?"

"म्हाईत न्हाई," चतुराबाई म्हणाली. "पर मरायचं न्हवतं."