न दिलेलं वाक्य

पेन्सिल बोटाएवढीही उरली नव्हती, आणि तिच्या टोकाशी दातांच्या खुणा होत्या — बारीक, एकाच बाजूला. बायको अशीच डावीकडच्या दातांनी पेन्सिल चावायची. विंगेत उभी राहून, नाटकाची वही छातीशी धरून, नट कुठे अडतोय तिकडे कान लावून. बत्तीस वर्षं ती त्यांनी लिहिलेल्या प्रत्येक नाटकाची प्रॉम्प्टर होती. एवढ्या वर्षांत त्यांनी ही पेन्सिल कधी धड पाहिली नव्हती... तिला जाऊन दोन वर्षं झाली, आणि आज पेन्सिल तिच्या वहीतून घरंगळत टेबलावर आली तेव्हा पाहिली.

वही लेकीने सकाळी माळ्यावरून काढून दिली होती. त्यांच्या पहिल्या नाटकाची नवी आवृत्ती निघत होती, आणि प्रस्तावना न्यायला प्रकाशकांचा माणूस चारला येणार होता. "बाबा, आईच्या वहीवरून संवाद एकदा ताडून बघा हं. छापलेल्यात चुका आहेत," एवढंच ती म्हणाली. प्रस्तावना तर कधीच लिहून तयार होती. तिच्यात नवीन काय असणार? शेवटच्या शांततेची गोष्ट, चाळीस वर्षं सांगून सांगून गुळगुळीत झालेली.

ती शांतता! नाटकाच्या अखेरीला नवरा बऱ्याच वर्षांनी घरी येतो, दारात बॅग ठेवतो, बायको त्याच्याकडे बघते — आणि काहीच बोलत नाही. पडदा. हे आपल्याला एका बोटीच्या कठड्याशी उभं असताना सुचलं, असं ते प्रत्येक मुलाखतीत सांगत. बोट खरी होती. त्यांच्या पायाला भिंगरीच होती. पहिला प्रयोग झाला आणि आठवड्यात ते शिष्यवृत्तीवर परदेशी गेले, सहा महिन्यांत येतो म्हणून. मग दुसरी शिष्यवृत्ती मिळाली, मग आणखी एक शहर, नव्या कादंबरीची टिपणं, स्वस्त खोल्या, खिडकीखालून जाणाऱ्या ट्राम — काय दिवस होते ते! — आणि परतायला चौदा महिने लागले. आल्यावर नाटक पाहायला गेले तर त्यांचं शेवटचं वाक्यच नाही. 'तुम्ही आलात, मला सगळं मिळालं' असं लिहिलं होतं त्यांनी.

"एकदा विसरले हो मी," नटी ओशाळून म्हणाली होती, "पण थिएटर असं चिडीचूप झालं ना, की मग तसंच ठेवलं."

लोक डोळे पुसत बाहेर पडत होते. त्यांनी पुढे काही विचारलं नाही. पुस्तक छापताना कंसात 'दीर्घ शांतता' असं घातलं, आणि मग ती बोट. आयत्या बिळावर नागोबा... पण नटी विसरली, हा योगायोग, आणि योगायोगावर कुणाचं नाव नसतं, अशी समजूत घालून मी — हो, मीच — इतकी वर्षं मजेत राहिलो.

त्यांनी वहीचं शेवटचं पान पुन्हा समोर धरलं. त्या वाक्याशेजारी तिचं बारीक, सरळ अक्षर: 'आज ती अडली. माझ्याकडे बघितलं. वाक्य माझ्या ओठांवर होतं. दिलं नाही. ही बाई असं म्हणणार नाही.' खाली दुसऱ्या दिवशीची ओळ: 'यापुढे इथे आवाज द्यायचा नाही.'

तापाने फणफणली असतानाही तिने कधी कुणाचा एक शब्द पडू दिला नव्हता. आणि इथे नटी भर प्रयोगात तोंडाकडे बघत असताना ती गप्प राहिली. तारीखही होती. त्यांनी बोटांवर महिने मोजले. दुसरी शिष्यवृत्ती घेतल्याचं त्यांचं पत्र घरी पोचलं असेल, त्याच आठवड्यातली.

मग एकदम दार आठवलं. स्वतःच्या घराचं. हातात लेबलांनी भरलेली बॅग, आईच्या मागे दडलेली चार वर्षांची लेक, त्यांना न ओळखणारी... आणि बायको. तिने पाहिलं, बॅग उचलून आत नेली, काही बोलली नाही. आनंदाने वाचा बसली असेल, असं त्यांना वाटलं होतं. तेवढंच नव्हे, एका कादंबरीत त्यांनी तसं लिहूनही टाकलं होतं. त्यानंतर ते कितीदा गेले, कितीदा आले. दार दर वेळी तिनेच उघडलं. ते वाक्य ती कधीच म्हणाली नाही, आणि ते राहिलंय हे त्यांना एकदाही जाणवलं नाही. फार लाज वाटली त्यांना. तिला हाक मारून विचारावं असंही वाटलं, वेड्यासारखं.

"बाबा," लेक दाराशी आली, "तो माणूस आलाय. देऊ ना प्रस्तावना?"

कागद पुढ्यातच होता. पेन्सिलीचं टोक बोटीच्या वाक्यावर टेकलेलं, ना पुढे ना मागे. त्यांनी तोंड उघडलं. देशोदेशीच्या सभागृहांत तास तास बोललेल्या माणसाला 'हो' की 'थांब' एवढंही सुचेना. आणि मग लक्षात आलं, आपली मान डावीकडे वळली आहे, खिडकीच्या पडद्याकडे, अडलेल्या नटाची विंगेकडे वळावी तशी, आणि आपण ऐकतो आहोत.

"बाबा?"

ते ऐकत राहिले.