दोन बोटं

पॉप फोर्टनबेरी नेहमी दोनच बोटं दाखवतो, हे टेन्सॉ स्टेट कॉलेजच्या अमेरिकन फुटबॉल संघात आलेल्या प्रत्येक पोराला पहिल्याच आठवड्यात कळायचं. पॉप संघाची मलमपट्टी बघायचा. डोक्याला मार बसून कोणी बाहेर आलं की तो तोंडासमोर हात धरायचा आणि विचारायचा, “किती?” पोरगा “दोन” म्हणायचा आणि परत मैदानात जायचा. कोचलाही हे ठाऊक होतं.

चौऱ्याहत्तर सालच्या एक जानेवारीला संघ सायप्रस बाउलसाठी, म्हणजे मोसमाअखेरच्या मानाच्या सामन्यासाठी, बसने स्टेडियमकडे निघाला होता. वाटेत रेडिओवर बातमी आली, की पहिल्या क्रमांकाचा संघ दुसऱ्या एका बाउलमध्ये हरला. त्याआधी दुसरा क्रमांकही हरला होता. टेन्सॉ तिसरा होता. दुसऱ्या दिवशी सकाळी देशभरचे क्रीडापत्रकार मतं देणार होते आणि त्यावर राष्ट्रीय अजिंक्यपद ठरणार होतं. टेन्सॉच्या वाट्याला ते कधीच आलं नव्हतं. कोच स्ट्रिकलंड बसमध्ये उभे राहिले आणि एवढंच म्हणाले, “बरोबरी केलीत तर कोणी मत देणार नाही. जिंकायचं.”

वेंडेल टिब्स संघाचा सेंटर होता. दोन पायांतून चेंडू मागे द्यायचा, एवढं त्याचं काम लोकांना दिसायचं. त्याच्या मागे वाकून, मांड्यांमध्ये हात धरून उभा असायचा क्वार्टरबॅक, म्हणजे प्रत्येक डाव चालवणारा डेलमार प्रुइट. दोघं एकाच गावचे, वसतिगृहात एकाच खोलीत राहणारे. डेलमारचा हात वेंडेल न बघता ओळखायचा.

शेवटच्या सत्रात समोरचा संघ, लेकमाँट कॉलेज, वीस-तेराने पुढे होतं. तेव्हा त्यांच्या एका धिप्पाड गड्याने डेलमारला पाठीमागून उचलून आपटलं. गोठलेल्या जमिनीवर हेल्मेट आपटल्याचा आवाज वेंडेलने ऐकला. डेलमार उठला, चालत बाहेर आला आणि बाकावर बसला. वेंडेल पाणी प्यायला तिथेच उभा होता.

पॉप समोर गुडघ्यावर बसला. त्याच्या एका हातात टॉवेल होता, दुसरा अजून खिशात होता.

“दोन,” डेलमार म्हणाला.

बाकावर हशा पिकला. “अरे, प्रश्न तर विचारू दे म्हाताऱ्याला!” कोणीतरी ओरडलं. “हुशार आहे लेकाचा, पेपर फुटलाय!”

पॉपही हसला. त्याने हात खिशातून काढलाच नाही. “ठीक आहे हा,” त्याने कोचना सांगितलं.

चेंडू परत टेन्सॉकडे आला आणि ते पुढे सरकू लागले. डेलमार सवयीने खेळत होता. मग एका डावात वेंडेल खाली वाकला आणि वाट बघत राहिला. हात आलेच नाहीत. त्याने मान वळवली. डेलमार शेजारच्या गड्याच्या, टॅकेटच्या मागे वाकून चेंडूची वाट बघत होता.

“ए, माझी सोयरीक झालीय!” टॅकेट ओरडला. प्रेक्षक खो खो हसले. वेंडेलने डेलमारला पट्ट्याला धरून आपल्या मागे आणलं.

“कुठं आहोत रे आपण?” डेलमारने हळूच विचारलं.

“मैदानावर. चेंडू घे आणि दे.”

शेवटचं मिनिट उरलं होतं तेव्हा टेन्सॉने चेंडू शेवटच्या रेषेपलीकडे नेला. टचडाउन, सहा गुण. वीस-एकोणीस. आता चेंडू लाथाडून खांबांमधून घातला तर एक गुण, म्हणजे बरोबरी. हातात घेऊन पुन्हा रेषेपलीकडे नेला तर दोन, म्हणजे विजय. कोचनी खेळ थांबवून वेंडेलला कडेला बोलावलं. राखीव क्वार्टरबॅक कोट काढून तयार उभा होता.

“तू त्याच्या सगळ्यात जवळ असतोस. खरं सांग. ठीक आहे ना तो?”

राखीव पोराच्या हातून गेल्या दोन सामन्यांत चेंडू सुटला होता. वेंडेलला तेच आठवलं.

“ठीक आहे, कोच.”

“मग तुझ्याच मागून घुसू दे त्याला.”

वेंडेलने चेंडू दिला आणि समोरच्याला रेटलं. डेलमार डोकं खाली घालून त्याच्या पाठीवरून पलीकडे पडला. त्याच्यावर दहा जण पडले. पंचांनी दोन्ही हात वर केले. एकवीस-वीस. दहा जण उठले. डेलमार उठला नाही.

दुसऱ्या दिवशी सकाळी मिस आयमा, डेलमारची आई, मोबील शहराहून बसने थेट इस्पितळात आली. मेंदूत रक्त साचलं होतं. रात्री कवटी उघडली होती. डेलमारच्या नाकात नळी होती आणि श्वास यंत्रावर चालला होता. तो पुन्हा जागा होईल असं डॉक्टर म्हणत नव्हते.

“वेंडेल, बाळा, इकडे बस. त्याला तपासलं होतं ना रे?”

“हो, मॅम. पॉपने.”

“काय विचारलं?”

“किती बोटं, ते विचारतात.”

“मग?”

“दोन म्हणाला.”

तिने मान डोलावली. हातातला रुमाल उलगडला, परत घडी केली. “बरोबर सांगितलं म्हणजे.”

 वेंडेल म्हणाला, “बोटं दाखवलीच नव्हती, मिस आयमा. हात खिशात होता. मी तिथेच होतो.”

“आणि तो भलत्याच्या मागे उभा राहिला ते? रेडिओवाला हसत होता. मीसुद्धा हसले.”

“तेव्हा मला कळलं होतं. कोचनी मला विचारलं. मी ठीक आहे म्हणालो.”

बाहेर व्हरांड्यात कोणाचा तरी ट्रान्झिस्टर चालू होता. निवेदकाने टेन्सॉ स्टेटचं नाव घेतलं आणि दोन-तीन जणांनी टाळ्या वाजवल्या. इस्पितळाचा एक माणूस दार ढकलून आत आला. वेंडेलचं टेन्सॉचं जाकीट बघून त्याने हात पुढे केला.

“पहिला क्रमांक, भावा! पहिला!”

वेंडेल खुर्चीतून हलला नाही.

“जा,” मिस आयमा म्हणाली. तिचं लक्ष यंत्राकडे होतं. “हात दे त्याला. तो माणूस थांबलाय.”