शेजारची खुर्ची

मी एक खुर्ची बोलतेय. सत्तेची नव्हे, गैरसमज नको. चित्रपटांचं संकलन करणाऱ्या एका बाईंच्या शेजारी माझी जागा. बाई कापाकापी करणार आणि ज्याचा चित्रपट, तो दिग्दर्शक माझ्यावर बसून नखं खाणार.

सुताराच्या हातून निघाले तेव्हा वाटलं होतं, जेवणाच्या टेबलाशी सुखात दिवस काढीन. नशिबी आले दिग्दर्शक! "एवढा शॉट राहू द्या ना," म्हणून किती जणांनी गयावया केली. बाई म्हणायच्या, "तुमचा जीव अडकलाय त्यात, प्रेक्षकाचा नाही." आणि कापून मोकळ्या व्हायच्या.

मग त्यांनी स्वतःचा चित्रपट करायला घेतला, वडिलांवर. वडील कुलपं दुरुस्त करायचे. चित्रीकरण आटोपलं आणि थोड्याच दिवसांत वडील गेले. होतं तेवढ्यातूनच ते उभे करायचे होते. बाई एकट्याच कापत राहिल्या. मी रिकामी.

शेवटी त्यांनी आईला आणून माझ्यावर बसवलं. आईने सगळं पाहिलं आणि विचारलं, "हे कोण गं?"

"आई, बाबा आहेत ते!"

"छे! फोटोला बसल्यासारखे ताठ. असे होते का ते?"

"मग कुठून आणू दुसरे बाबा?" बाई कडाडल्या. "उरलंय ते सगळं टाकाऊ आहे."

"ते दाखव."

प्रत्येक शॉटची शेपटं होती ती, 'कट' म्हटल्यावरही कॅमेरा चालू राहिला तेव्हाची. 'कट' ऐकलं की वडिलांचे खांदे सैल पडायचे. कपाळावरचा चष्मा ते खिशात शोधायचे. "झालं का गं? पाय दुखले असतील तुझे. बस जरा."

आईने माझा हात घट्ट धरला. "आले बघ हे," म्हणाली. दोघी खूप रडल्या. मलाही फार भरून आलं.

त्या शेपटांचाच चित्रपट झाला. शेवटी वडील विचारतात, "झालं का गं?" आणि कॅमेऱ्यामागून बाईंचा आवाज येतो, "नाही बाबा, थांबा ना थोडं." या चित्रीकरणात आलेला स्वतःचा आवाज बाई एरवी कापून टाकायच्या. या वेळी सवयीने माझ्याकडे वळून म्हणाल्या, "काढू का?" माझ्यावर कुणीच नव्हतं. त्यांनी तो ठेवला.

आता माझा एक पाय डुगडुगतो. गुबगुबीत नवी खुर्ची येणार, असं कानावर आलंय. येऊ दे बापडी. पण आई अजून अधूनमधून येते, माझ्यावर बसून शेवटचं तेवढं लावायला सांगते. तिचं पाहून होईपर्यंत मला हलवू नका. थांबा ना थोडं.